निष्फळ झाली, की केली गेली?

“काळाच्या ओघात या याचिकेत आता काही उरलेले नाही. सबब निकाली. अंतरिम आदेश असल्यास रद्द. खर्चाबाबत आदेश नाही.” एवढ्या चार वाक्यांत उच्च न्यायालयातली कित्येक वर्षांची याचिका संपते. वकिलांच्या बोलीत ती ‘इन्फ्रक्च्युअस’, म्हणजे निष्फळ, झाली. याचिकाकर्त्याचा वकील मान हलवतो, सरकारी वकील हरकत घेत नाहीत आणि बोर्डावरचा पुढचा नंबर पुकारला जातो.

देशातल्या उच्च न्यायालयांत मिळून ६० लाखांच्या वर प्रकरणे पडून आहेत. त्यांतल्या ज्या याचिकांत खरोखर जीव उरलेला नाही त्या बोर्डावरून उतरवायलाच हव्यात, याबद्दल वाद नाही. वाद आहे तो त्या चार वाक्यांत जे लिहिलेले नसते त्याबद्दल. याचिकेचा हेतू कोणामुळे संपला हे तिथे कधीच नसते. परवाना मागणाऱ्याला परवाना मिळाला म्हणून संपलेली याचिका आणि झाडे तोडू नका म्हणणाऱ्यासमोर झाडे तोडून झाली म्हणून संपलेली याचिका, दोन्हींवर शिक्का एकच. याचिकाकर्त्याचे काम झाले, प्रतिवादीने घाई करून ते अशक्य केले, की न्यायालयाच्याच तारखांनी ते मारले, यांपैकी काय घडले हे आदेशात लिहिले गेले पाहिजे आणि पुढची दाद त्यावर ठरली पाहिजे. हे न लिहिता याचिका बंद करणे म्हणजे उशीर करणाऱ्याला उशिराचा फायदा पदरात टाकणे होय.

कायदा याआड येत नाही. ‘निष्फळ याचिका’ असे दिवाणी प्रक्रिया संहितेत वेगळे कलम नाही. न्यायालय हे करते ते कलम १५१ मधल्या अंगभूत अधिकारातून. शिपिंग कॉर्पोरेशन विरुद्ध मचाडो ब्रदर्स (२००४) या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की नंतरच्या घटनेमुळे मूळ कारवाईच अर्थहीन झाली असेल तर ती संपवणे हे न्यायालयाचे कर्तव्य आहे. हा निकाल सगळ्यांना पाठ असतो. त्याच्या बऱ्याच आधी, १९७५ मध्ये, पसुपुलेटी वेंकटेश्वरलू प्रकरणात न्या. कृष्ण अय्यर यांनी नंतरच्या घडामोडींची दखल घेता येते, पण जपून, असे बजावले होते. ते ‘जपून’ मधल्या काळात गळून पडले. शिवाय दुसरा नियम तितकाच जुना आहे: पक्षकारांचे हक्क ठरतात ते प्रकरण दाखल झाले त्या दिवशीच्या स्थितीवरून. बेगराज सिंह विरुद्ध उत्तर प्रदेश राज्य या खाणपट्ट्याच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हेच मांडले. न्यायालयाच्या दारात आला त्या दिवशी जो दाद मिळण्यास पात्र होता, त्याला खटला चालू असताना वेळ गेला एवढ्याच कारणावरून रिकाम्या हाताने परत पाठवू नये. दोन्ही नियम एकाच वेळी खरे आहेत. रोजच्या कामकाजात मात्र पहिलाच चालतो, कारण त्याने प्रकरण निकाली निघते.

पहिली चूक होते ती मागण्या एकेक करून न वाचल्याने. रिट याचिकेच्या शेवटी साधारणपणे चार प्रकारच्या मागण्या असतात: आक्षेपार्ह आदेश रद्द करा, अमुक करण्याचे निर्देश द्या, निकाल लागेपर्यंत स्थगिती द्या, आणि न्यायालयाला योग्य वाटेल ती अन्य दाद द्या. काळाने मरते ती बहुतेक वेळा दुसरी आणि तिसरी. पहिली क्वचितच मरते. बढतीचे उदाहरण घ्या. कर्मचाऱ्याला डावलून कनिष्ठाला बढती दिली, त्याने आव्हान दिले आणि प्रकरण सुनावणीला येण्याआधी तो ५८ व्या वर्षी निवृत्त झाला. आता त्याला त्या खुर्चीवर बसवता येणार नाही, हे खरे. पण मानीव दिनांक (अमुक तारखेला बढती मिळाली असे कागदोपत्री धरणे) देता येतो, त्यावरून वेतननिश्चिती होते आणि निवृत्तिवेतन त्या वेतनावर बेतलेले असते. म्हणजे त्याच्या आयुष्याच्या शेवटापर्यंत दर महिन्याला मिळणाऱ्या रकमेचा प्रश्न जिवंत असतो. ‘याचिकाकर्ता निवृत्त झाल्याने याचिका निष्फळ’ हे वाक्य अशा प्रकरणात सरळ चुकीचे आहे.

बदलीचे उलटे. महाराष्ट्रात २००५ च्या बदली अधिनियमानुसार एका पदावरचा सर्वसाधारण कार्यकाळ तीन वर्षांचा. मुदतपूर्व बदलीला मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) आव्हान दिले, प्रकरण पुढे उच्च न्यायालयात गेले आणि तीन वर्षे उलटून गेली, तर मागे फारसे काही उरत नाही. मधल्या काळात नेमणुकीविना सक्तीच्या प्रतीक्षेत घालवलेले महिने आणि त्यांचा पगार एवढा मुद्दा असेल तर तेवढाच ऐकावा, नसेल तर याचिका बंद करावी. इथे न्यायालयाने हळवे होण्याचे कारण नाही. वकिलाने याचिका लिहितानाच प्रतीक्षा कालावधीच्या पगाराची मागणी वेगळी घातली असती तर ती आपोआप तगली असती. बऱ्याच याचिका मरतात त्या मागण्या एकाच ओळीत कोंबल्यामुळे. आदेश बेकायदा होता अशी घोषणा, त्यातून निघणारे आर्थिक परिणाम आणि भरपाई या मागण्या वेगवेगळ्या लिहाव्यात. मूळ आदेशाच्या जागी दुसरा आदेश आला तर पुढची तारीख येण्याची वाट न पाहता दुरुस्तीची परवानगी मागावी. जुन्या आदेशाविरुद्धची याचिका नव्या आदेशापुढे उभी राहू शकत नाही, आणि त्यात दोष न्यायालयाचा नसतो.

ज्यांचे आयुष्यच कायद्याने आखून दिलेले आहे असे आदेश ही वेगळी जात. तडीपारी पाहा. महाराष्ट्र पोलीस अधिनियम, १९५१ च्या कलम ५५, ५६ आणि ५७ खाली माणसाला जिल्ह्याबाहेर काढता येते. कलम ५८ प्रमाणे जास्तीत जास्त दोन वर्षांसाठी. आदेशाविरुद्ध ३० दिवसांत राज्य सरकारकडे अपील. ते अपील पडून राहते, मग फेटाळले जाते, मग उच्च न्यायालयात फौजदारी रिट. नोटीस, प्रतिज्ञापत्रासाठी सरकारी वकिलांना मुदत, पुन्हा मुदत. एमपीडीए (गुंड, झोपडपट्टीदादा वगैरेंसाठीचा राज्याचा कायदा) किंवा राष्ट्रीय सुरक्षा कायद्याखालच्या स्थानबद्धतेची कमाल मुदत तर १२ महिनेच. अधिकाऱ्याने नियम धाब्यावर बसवून काढलेला आदेश अशा वेळी न्यायालयीन तपासणीला कधी सामोराच जात नाही. माणूस मुदत भोगून सुटतो आणि याचिका ‘निष्फळ’ ठरते. पुढच्या वेळी त्याच माणसाविरुद्ध नवा प्रस्ताव तयार होतो तेव्हा मागच्या कारवाईचा उल्लेख त्यात असतोच, आणि तो रद्द झालेला नसल्यामुळे वजनदार ठरतो. म्हणजे कागदावर मेलेला आदेश पोलीस ठाण्यात जिवंत असतो.

सर्वोच्च न्यायालयाने २८ जानेवारी २०२२ रोजी जालना जिल्ह्यातला एक तडीपारीचा आदेश रद्द केला. तो डिसेंबर २०२० चा होता आणि दोन वर्षांची मुदत अजून संपलेली नव्हती, म्हणून त्या निकालातून कलम ५६ च्या वापराबद्दल सर्वांना लागू पडणारी शिस्त निर्माण झाली: ही असाधारण कारवाई आहे, वस्तुनिष्ठ सामग्रीवरून झालेले अधिकाऱ्याचे स्वतःचे समाधान नोंदले गेले पाहिजे, कमाल मुदत लावायची तर तिचे कारण दिले पाहिजे. तेच प्रकरण एक वर्ष उशिरा बोर्डावर आले असते तर कदाचित चार वाक्यांत संपले असते आणि ही शिस्त लिहिली गेली नसती. मुदतीचे आदेश मुदतीच्या आत ऐकले जात नसतील, तर मुदत संपल्यावरही त्यांची वैधता तपासली पाहिजे. दुसरा मार्ग नाही.

अमेरिकेच्या संविधानात न्यायालयाचा अधिकार प्रत्यक्ष वादापुरता बांधलेला आहे, म्हणून तिथे वाद संपला की अधिकारही संपतो. तरीही तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने १९११ पासून एक अपवाद मानला: पुन्हा घडू शकणारी, पण दर वेळी तपासणीआधीच संपून जाणारी बाब ऐकता येते. आपल्या अनुच्छेद २२६ मध्ये मूलभूत हक्कांबरोबरच ‘अन्य कोणत्याही प्रयोजनासाठी’ असे मोकळे शब्द आहेत. ज्यांच्या पायात बेडी आहे त्यांनी अपवाद काढला आणि आपण मोकळे असून जागचे हलत नाही, हे जरा नवलाचेच.

हलत नाही म्हणणेही पूर्ण खरे नाही. या बाबतीत आपल्याकडचे सर्वांत चांगले उदाहरण पुण्याचे आहे. गोखले अर्थशास्त्र संस्थेतले प्राध्यापक डी. सी. वाधवा यांनी बिहारच्या अध्यादेशांचा अभ्यास केला. १९६७ ते १९८१ या काळात तिथे २५६ अध्यादेश पुन्हापुन्हा काढून जिवंत ठेवले गेले होते, काही तर १४ वर्षांपर्यंत. विधानसभेसमोर न जाता कायदा चालवण्याची ती पद्धतच पडली होती. वाधवा सर्वोच्च न्यायालयात गेले तेव्हा बिहार सरकारचा एक आक्षेप ठरलेला होता: आव्हान दिलेल्या तीन अध्यादेशांपैकी दोन संपले आहेत, त्यांच्या जागी कायदे आले आहेत, तिसऱ्यासाठीही विधेयकाची तयारी आहे, मग प्रश्न ‘अ‍ॅकॅडेमिक’ झाला. न्या. भगवती यांच्या अध्यक्षतेखालील घटनापीठाने २० डिसेंबर १९८६ रोजी हा आक्षेप फेटाळला. राज्यपालांच्या अधिकाराची मर्यादा काय, हे ठरवले नाही तर ती कायमची अनिश्चित राहील, असे कारण दिले. उरलेला अध्यादेश रद्द केला आणि वाधवांना १०,००० रुपये खर्च देण्याचा आदेश दिला. सरकारचा आक्षेप मान्य झाला असता तर? प्रत्येक अध्यादेश आव्हान येताच कायद्यात बदलायचा किंवा संपू द्यायचा आणि पुढच्या वर्षी दुसरा काढायचा. न्यायालय कधीच गाठू शकले नसते.

बोम्मई खटल्याचेही तसेच. कर्नाटकातले सरकार एप्रिल १९८९ मध्ये बरखास्त झाले, निकाल आला ११ मार्च १९९४ रोजी, आणि मधल्या काळात तिथे निवडणूकही होऊन गेली. कर्नाटक, मेघालय आणि नागालँडमधली राष्ट्रपती राजवट घटनाबाह्य ठरली, पण कोणालाही खुर्ची परत मिळाली नाही. याचिकाकर्त्यांच्या हिशेबाने निकाल निष्फळच. पण अनुच्छेद ३५६ चा वापर न्यायालयात तपासला जाऊ शकतो आणि विधानसभा पुन्हा उभी करता येते, हे त्यातून ठरले. पुढे अरुणाचल प्रदेशच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने राज्यपालांच्या निर्णयाआधीची स्थिती प्रत्यक्षात परत आणली तेव्हा हा पाया आधीच घातलेला होता.

पण केवळ तत्त्व सांगून समाधान मानण्याचीही सवय लागते, आणि ती वाईट. महाराष्ट्राच्या सत्तासंघर्षात ११ मे २०२३ रोजी घटनापीठाने सांगितले, की राज्यपालांनी बहुमत चाचणी बोलावणे समर्थनीय नव्हते. मात्र मुख्यमंत्र्यांनी चाचणीला सामोरे न जाता राजीनामा दिल्यामुळे पूर्वस्थिती आणता येणार नाही. इथे दाद का मिळाली नाही याचे कारण निदान लिहिलेले आहे. त्यानंतरचे पाहा. जून २०२२ मधल्या घडामोडींवरच्या अपात्रतेच्या अर्जांवर विधानसभा अध्यक्षांचा निर्णय आला तो १० जानेवारी २०२४ रोजी. त्याविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात दाद मागितली गेली आणि तिचा निकाल लागण्याआधी नोव्हेंबर २०२४ मध्ये नवी विधानसभा निवडून आली. कोणाची बाजू बरोबर होती हा इथे मुद्दा नाही. अपात्रतेचा प्रश्न विधानसभेच्या मुदतीत सुटत नसेल, तर पक्षांतरबंदीच्या दहाव्या अनुसूचीला दात उरत नाहीत. मणिपूरच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २१ जानेवारी २०२० रोजी अध्यक्षांना साधारण तीन महिन्यांची मर्यादा सांगितली होती. न्यायालयाने स्वतःसाठी मात्र तशी मर्यादा आखलेली नाही.

नोटाबंदीत तर दोन्ही दोष एकत्र आले. ८ नोव्हेंबर २०१६ चा निर्णय, १६ डिसेंबर २०१६ रोजी प्रकरण घटनापीठाकडे, आणि निकाल २ जानेवारी २०२३ रोजी. सरकारने प्रश्न आता केवळ चर्चेपुरता उरला असल्याचे म्हटले. पीठाने तरीही तो ऐकला, हे योग्यच. बहुमताने निर्णय वैध ठरला. न्या. नागरत्ना यांनी तो बेकायदा ठरवला, पण झालेले उलटवता येणार नाही म्हणून मागे जाऊन दाद देता येत नाही, हेही लिहिले. सहा वर्षांनी बहुमतही त्यांच्या बाजूने गेले असते तरी रांगेत उभ्या राहिलेल्या कोणालाही त्याचा काही उपयोग नव्हता.

निवडणूक याचिकांत मात्र कायद्याने याची सोय नीट लावून दिली आहे, आणि ती इतरत्र उचलण्यासारखी आहे. लोकप्रतिनिधित्व कायदा, १९५१ प्रमाणे याचिका ४५ दिवसांत दाखल करायची आणि उच्च न्यायालयाने ती सहा महिन्यांत संपवण्याचा प्रयत्न करायचा. प्रत्यक्षात सभागृहाची मुदतच संपते. मग काय? सर्वोच्च न्यायालयाने उत्तर कारणावरून ठरवले. आरोप भ्रष्ट निवडणूक गैरप्रकाराचा असेल तर याचिका जिवंत राहते, कारण तो सिद्ध झाला तर सहा वर्षांपर्यंत अपात्रता येऊ शकते. शेवदान सिंह प्रकरणात १९६९ मध्ये हे ठरले. आरोप केवळ उमेदवार त्या वेळी अपात्र होता एवढाच असेल आणि सभागृह विसर्जित झाले असेल तर काही उरत नाही. लोकनाथ पधान प्रकरणात १९७४ मध्ये हे ठरले. ‘मुदत संपली’ म्हणून थांबायचे नाही, मुदतीनंतर कोणता परिणाम शिल्लक आहे ते विचारायचे, ही यातली रीत.

आता ज्या याचिका निष्फळ केल्या जातात त्यांच्याकडे वळू. याच्या दोन पद्धती प्रचलित आहेत. पहिली म्हणजे घाई. आरेच्या झाडांच्या याचिका मुंबई उच्च न्यायालयाने शुक्रवारी, ४ ऑक्टोबर २०१९ रोजी फेटाळल्या आणि त्याच रात्री कटाई सुरू झाली. सोमवारी, ७ तारखेला, सर्वोच्च न्यायालयाने ‘जैसे थे’ आदेश दिला तोवर २,१४१ झाडे पडली होती आणि लागतील तेवढी तोडून झाली, असे सरकारतर्फे सांगण्यात आले. मेट्रो हवी की झाडे, हा वाद बाजूला ठेवला तरी अपिलाचा हक्क शनिवार-रविवारात संपला, ही गोष्ट उरतेच. यावर उपाय साधा आहे. परत न आणता येणाऱ्या कृतीविरुद्धची याचिका फेटाळताना, वरच्या न्यायालयात जाण्यापुरते संरक्षण त्याच आदेशात द्यावे. मुंबई उच्च न्यायालयात वकिलाने विनंती केली तर असे संरक्षण चार आठवडे मिळतेही. ते विनंतीवर सोडू नये.

पाडकामांत हा धडा थोडा तरी गिरवला गेला. सप्टेंबर २०२० मध्ये मुंबई महापालिकेने अभिनेत्री कंगना राणावत यांच्या बंगल्याला ७ तारखेची नोटीस दिली आणि ९ तारखेला पाडकाम केले. उच्च न्यायालयाने त्याच दिवशी स्थगिती दिली. बरेचसे पाडून झालेले असूनही याचिका निष्फळ मानली नाही. २७ नोव्हेंबरला नोटीस रद्द केली आणि नुकसान ठरवण्यासाठी मूल्यांकनकार नेमला. सर्वोच्च न्यायालयाने १३ नोव्हेंबर २०२४ रोजी पाडकामाआधी १५ दिवसांची नोटीस देशभर बंधनकारक केली, त्यामागेही हाच हिशेब आहे: न्यायालयापर्यंत पोहोचायला लागतो तेवढा वेळ लोकांना मिळाला पाहिजे.

दुसरी पद्धत अधिक सभ्य दिसते. सुनावणी अंगावर येऊ लागली की सरकारी वकील निवेदन करतात: आक्षेपार्ह नोटीस मागे घेत आहोत, नव्याने कारवाई करण्याची मुभा असावी. याचिका तिथेच निकाली. तीन महिन्यांनी तीच नोटीस, दोन शब्द बदलून. याचिकाकर्त्याने पुन्हा कोर्ट फी, पुन्हा वकीलपत्र, पुन्हा सर्क्युलेशनसाठी प्रेसिपी (प्रकरण लवकर बोर्डावर घेण्याची लेखी विनंती). अशा निवेदनावर याचिका बंद करायला हरकत नाही, पण ते हमी म्हणून नोंदवून घ्यावे, नव्या कारवाईपूर्वी ठरावीक दिवसांची लेखी सूचना बंधनकारक करावी आणि पहिल्या फेरीचा खर्च नोटीस काढणाऱ्या खात्याकडून वसूल करावा. खर्चाची रक्कम लहान असली तरी चालेल. ती कोणाच्या खाती पडली याची नोंद महत्त्वाची.

निविदांच्या बाबतीत कायद्यानेच पेच केला आहे. २०१८ च्या दुरुस्तीने विशिष्ट अनुतोष अधिनियमात कलम २०अ आले आणि पायाभूत प्रकल्पांना मनाई हुकूम देण्यावर बंधन आले. एन. जी. प्रोजेक्ट्स (२०२२) प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने काम थांबवण्यापेक्षा चुकीने डावललेल्याला नुकसानभरपाईकडे वळवावे, असे सांगितले. ठीक. पण मग अंतिम सुनावणीला ‘रस्ता पूर्ण झाला, याचिका निष्फळ’ म्हणायचे कसे? स्थगिती नाकारताना भरपाईचे कारण द्यायचे आणि भरपाईची वेळ आली की काम पूर्ण झाल्याचे कारण द्यायचे, तर डावललेल्या निविदाकाराला दोन्हीकडून बाहेर काढले. स्थगिती नाकारली असेल त्या प्रत्येक प्रकरणात निविदा प्रक्रिया वैध होती का, एवढ्या प्रश्नाचे उत्तर काम संपल्यावरही मिळालेच पाहिजे. त्याशिवाय दिवाणी न्यायालयात भरपाईचा दावा कशाच्या जोरावर लावायचा?

वैद्यकीय प्रवेशांत सर्वोच्च न्यायालयाने अशीच कोंडी फोडून दाखवली आहे. त्रिसदस्य पीठाच्या १३ डिसेंबर २०१९ च्या निकालानुसार, विद्यार्थी वेळेत न्यायालयात आला असेल, त्याची चूक नसेल आणि प्रवेश बेकायदा नाकारला गेला असेल, तर अंतिम तारखेनंतरही एका महिन्याच्या आत अपवादात्मक प्रवेश देता येतो. तेही शक्य नसेल तर पुढच्या वर्षीची जागा, आणि सोबत भरपाई. प्रवेशाची अंतिम तारीख उलटली म्हणून याचिका संपली, हे आता चालत नाही.

उशिराचा फायदा नेहमी सरकारलाच होतो असे मात्र नाही. याचिकाकर्तेही तो पुरेपूर घेतात. जात पडताळणीच्या प्रकरणांत हे वर्षानुवर्षे चालत आले. समितीने दावा अवैध ठरवला, उच्च न्यायालयात स्थगिती मिळाली, पदवी पूर्ण झाली किंवा नोकरीची वर्षे भरली, आणि मग वकिलाने याचिकेत काही उरले नसल्याचे सांगितले. ज्याची जागा गेली तो खरा आदिवासी विद्यार्थी या याचिकेत पक्षकारही नसतो. हलबा-कोष्टी प्रकरणात नोव्हेंबर २००० मध्ये घटनापीठाने कोष्टींना अनुसूचित जमातीचा लाभ नाकारला, पण पूर्ण झालेल्या वैद्यकीय शिक्षणाला हात लावला नाही. त्या सवलतीचा पुढे इतका विस्तार झाला, की ६ जुलै २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाला स्पष्ट सांगावे लागले: २००१ च्या महाराष्ट्र कायद्यानुसार दावा अवैध ठरला की लाभ जातो, दीर्घ सेवा किंवा पूर्ण शिक्षण ही ढाल नाही. स्थगितीवर मिळवलेला फायदा स्थगिती संपताना परत करायचा असतो. साऊथ ईस्टर्न कोलफिल्ड्स (२००३) निकालाचा अर्थच तो. म्हणून ‘अंतरिम आदेश असल्यास रद्द’ एवढे पुरत नाही. त्या आदेशाखाली कोणी काय मिळवले आणि ते कोणाकडून घ्यायचे, हेही लिहिले पाहिजे.

जुन्या याचिकांची साफसफाई कशी करावी, याबद्दल थोडे. विषयानुसार चाळणी लावणे सोपे आहे: संपलेले परवाने, उलटलेली शैक्षणिक वर्षे, संपलेल्या बदल्या, रद्द झालेली धोरणे. अशा याचिकांची वेगळी यादी आठ आठवडे आधी प्रसिद्ध करावी आणि वकिलांकडून एका पानाची टिपण मागवावी: कोणती मागणी जिवंत आहे आणि का. गोंधळ होतो तो वकील हजर नसताना. वीस वर्षांपूर्वी वकीलपत्र घालणारे वकील कित्येकदा हयात नसतात आणि पक्षकाराला तारखेचा पत्ता नसतो. अशा वेळी याचिका ‘निष्फळ’ म्हणून नव्हे, गैरहजेरीसाठी काढून टाकावी, म्हणजे पुढे ती पुन्हा दाखल करून घेण्याची वाट मोकळी राहते. वकिलांनीही ‘नॉट प्रेस्ड’ (याचिकेचा आग्रह नाही) असे तोंडातून काढण्याआधी विचार करावा. मुभा न घेता याचिका मागे घेतली तर त्याच कारणावर नवी रिट लावता येत नाही, हे सरगुजा ट्रान्सपोर्टपासून (१९८७) ठरलेले आहे. ‘निष्फळ’ आदेशात मात्र मुद्दे खुले राहतात, आणि ते खुले ठेवल्याचे लिहून घ्यावे.

पैसे आणि नोंदी हा सगळ्यात दुर्लक्षित भाग. अंतरिम आदेशाच्या अटीवर भरलेली रक्कम मूळ शाखेत प्रोथोनोटरीकडे (न्यायालयाच्या प्रशासकीय अधिकाऱ्याकडे) ठेवीत पडलेली असते. ती कोणाला द्यायची हे चार वाक्यांच्या आदेशात नसते आणि मग केवळ त्यासाठी नवा अर्ज येतो. जमिनीच्या प्रकरणांत सातबाऱ्याच्या इतर हक्कांत न्यायालयीन स्थगितीची नोंद झालेली असते. याचिका मुंबईत किंवा नागपुरात संपते, तलाठ्याला ती कधीच कळत नाही, आणि जमीनमालकाला कर्ज नाकारले जाते तेव्हा शोध सुरू होतो. आदेशातच ‘नोंद कमी करावी’ एवढे तीन शब्द असतील तर फेरफार घालणे सोपे जाते.

न्यायाधीशांच्या वेळेचा आक्षेप खरा आहे. तडीपारीची मुदत संपलेली प्रत्येक याचिका तपशिलात ऐकायची तर ज्याचा माणूस आज कोठडीत आहे त्याचे काय? म्हणून प्रत्येक याचिकेत मोठा निकाल कोणी मागू नये. बहुतेकांत तीन प्रश्नांची उत्तरे पुरतात, आणि ती अर्ध्या पानात मावतात: मागण्यांपैकी कोणती उरली, हेतू कोणाच्या कृतीने संपला, हाच प्रश्न परत येऊन परत असाच निसटणार आहे का. तिसऱ्याचे उत्तर ‘हो’ आले तरच पुढे ऐकायचे.

३० ऑगस्ट २०२२ या एका दिवसात सर्वोच्च न्यायालयाने दोन जुनी प्रकरणे बंद केली. गुजरात दंगलींच्या याचिका निष्फळ ठरवल्या, कारण विशेष तपास पथकाकडे दिलेल्या नऊपैकी आठ खटल्यांची सुनावणी संपली होती आणि उरलेला अंतिम टप्प्यात होता. याचिकांनी मागितलेल्या कामाचा मोठा भाग झालेला होता, म्हणून तो आदेश समजण्यासारखा आहे. बाबरी मशीद पाडल्याबद्दलची अवमान याचिकाही त्याच दिवशी बंद झाली. याचिकाकर्ते हयात नव्हते, तत्कालीन मुख्यमंत्री कल्याण सिंह हयात नव्हते, आणि मूळ जमिनीचा वाद २०१९ मध्ये संपला होता. पण १९९२ मध्ये झाले तो न्यायालयाचा अवमान होता की नाही, हा प्रश्न जमिनीच्या वादापेक्षा वेगळा होता आणि त्याला उत्तर मिळाले नाही. दोन्ही प्रकरणे आकडेवारीत सारखीच निकाली.

आकडेवारी वेगळी करणे अवघड नाही. न्यायालयांच्या संगणक प्रणालीत प्रकरण निकाली काढताना निकालाचा प्रकार निवडावाच लागतो. त्या यादीत ‘निष्फळ’ या एका नोंदीच्या जागी चार ठेवाव्यात: दाद मिळाल्याने, याचिकाकर्त्याच्या कृतीने, प्रतिवादीच्या कृतीने, आणि सुनावणीआधी मुदत संपल्याने. बेंच क्लार्कचे काम त्याने काही सेकंदांनी वाढेल. पाच वर्षांनी कोणत्या खात्याच्या किती नोटिसा सुनावणीच्या तोंडावर मागे घेतल्या गेल्या, आणि किती स्थानबद्धता न्यायालयापर्यंत पोहोचण्याआधीच भोगून झाल्या, हे राष्ट्रीय न्यायिक डेटा ग्रिडवर कोणालाही पाहता येईल.